वडांची ओळ आणि विहाराचं गाव

पुण्याहून लोणावळ्याकडे निघालेली लोकल कामशेतला थांबते. फलाटावरची पाटी कामशेत म्हणते, बाजारातल्या दुकानांचे फलक कामशेत म्हणतात आणि भाजीच्या टोपल्या घेऊन गाडीत शिरणाऱ्या बायकाही कामशेतच म्हणतात. पण या बाजारपेठेचा कारभार ज्या ग्रामपंचायतीकडे आहे तिचं नाव विचारलं, तर उत्तर वेगळंच येतं: खडकाळे. गाव खडकाळे, नाव झालं कामशेत. खंडाळा ते पुणे हा लोहमार्ग १८५८ साली सुरू झाला. तेव्हापासून मावळात कितीतरी ठिकाणी स्टेशनची पाटी गावाच्या नावापेक्षा मोठी होत गेली.

या कामशेतच्या परिसरात, नाणे मावळाच्या डोंगरकुशीत, सांगिसे, नेसावे, वेल्हवळी, खांडशी अशी लहान लहान गावं आहेत. त्यांच्यातच वडिवळे. पावसाळ्यात भातखाचरांनी भरून जाणारी ही गावं पर्यटकांच्या यादीत फारशी नसतात. वडिवळ्याचं नाव बाहेरच्यांच्या कानावर पडतं ते मुख्यतः धरणामुळे. कुंडलिका नदीवरचं वडिवळे धरण पुढे इंद्रायणीला पाणी देतं. त्यामुळे देहू-आळंदीच्या वाऱ्यांच्या दिवसांत नदीत पाणी सोडायचं ठरलं, की बातमीत वडिवळ्याचं नाव येतं. वारकरी ज्या पाण्यात स्नान करतो त्यातलं काही या गावाच्या अंगणातून आलेलं असतं. पण ते पाणी इंद्रायणीचं म्हणून ओळखलं जातं आणि नावाच्या जगात असं नेहमीच होतं. वडगाव मावळच्या कृषी संशोधन केंद्रात तयार होऊन १९८७ साली शेतकऱ्यांच्या हाती आलेल्या भाताच्या वाणालाही नदीचंच नाव मिळालं. आज मुंबईतला माणूस ‘इंद्रायणी’ म्हणतो तेव्हा त्याच्या डोळ्यांपुढे नदी नसते, मऊ भाताचं ताट असतं.

तर वडिवळे. या नावात वड आहे, हे सांगायला कोणी पंडित नको. मावळात गावांची नावं म्हणजे एक हिंडतं वनस्पतिशास्त्रच आहे. वडगाव, वडेश्वर, वडिवळे हे वडाचे. पिंपळोली पिंपळाची. जांभूळ आणि जांभवली जांभळाची. तळेगावजवळचं नवलाख उंबरे उंबराचं, करंजगाव करंजाचं, बोरज बोरीचं. वडगावं तर महाराष्ट्रात इतकी, की १७७९ च्या जानेवारीत इंग्रजांनी जिथे मराठ्यांपुढे शरणागतीचा तह केला त्या वडगावाला ओळखीसाठी मागे ‘मावळ’ जोडावं लागतं.

पण वडाच्या पुढचं ‘वळे’ काय आहे? इथे गोष्ट रंगते.

बोरिवली, कांदिवली, डोंबिवली, जांभवली या नावांतली ‘वली’ संस्कृतातल्या ‘पल्ली’तून आली, असं स्थाननामांचे अभ्यासक सांगतात. पल्ली म्हणजे छोटी वस्ती. तेव्हा वडिवळेही तसंच असेल, वडाची वस्ती, असं म्हणून मोकळं व्हावंसं वाटतं. आडवा येतो तो ‘ळ’. मराठीनं संस्कृत-प्राकृत शब्द घेताना एक शिस्त बरीच कसोशीनं पाळली आहे. दोन स्वरांमध्ये एकटा ‘ल’ आला तर त्याचा ‘ळ’ होतो: फल–फळ, मूल–मूळ, काल–काळ, शाला–शाळा, कमल–कमळ. आणि ‘ल्ल’ असा जोडून आला तर तो ‘ल’ म्हणूनच टिकतो: गल्ल–गाल, फुल्ल–फूल, भल्ल–भाला. पल्लीत ‘ल्ल’ आहे. त्यामुळे पल्लीची मराठीत ‘वली’ होते, ‘ओली’ होते, रायगड जिल्ह्यातल्या गणपतीच्या गावासारखी ‘पाली’ही होते; ‘वळी’ व्हायला ती नियमानं तयार नाही. ‘ळ’ मिळतो तो दुसऱ्या एका शब्दातून. संस्कृत ‘आवलि’, म्हणजे रांग. दीपावलीची दिवाळी झाली ती याच वाटेनं, आणि आपली रोजची ‘ओळ’ही त्याच घरची. वडिवळे म्हणजे वडाची वस्ती नसून वडांची ओळ, असं म्हणायला हा एक ‘ळ’ पुरेशी जागा देतो. शेजारच्या वेल्हवळीतही तोच ‘ळ’ आहे. काही मैलांवरच्या मळवलीत आणि दहिवलीत मात्र ‘ल’. एकाच तालुक्यात, एकाच पावसात भिजणारी ही गावं दोन वेगळ्या शब्दांच्या पोटी जन्मली असावीत.

भाषेचे नियम म्हणजे काही सातबारा नव्हे. बोलता बोलता ‘ल’चा ‘ळ’ आणि ‘ळ’चा ‘ल’ होऊन जातो, लिहिणारा कारकून परगावचा असला तर आणखी घोळ होतो. तरीही वडांची ओळ हे चित्र मनातून जात नाही. गावाच्या वाटेवर ओळीनं उभे वड, त्यांच्या पारंब्या, एखाद्या बुंध्याशी शेंदूर लावलेला धोंडा. मावळातल्या पुष्कळ गावांचं पहिलं देऊळ असंच असणार. भिंती नाहीत, कळस नाही, पार तेवढा आहे. पुढे कधीतरी गावाकडे चार पैसे जमतात, भैरवनाथावर छप्पर येतं, मग सभामंडप येतो, मग रंगीत फरशी. झाड मात्र आधीचं असतं आणि बऱ्याचदा गावाचं नावही झाडानंच दिलेलं असतं. वडेश्वर या अंदर मावळातल्या गावात तर झाड, देव आणि गाव हे तिन्ही एकाच शब्दात येऊन बसले आहेत.

हे सगळं मावळाचंच वैशिष्ट्य आहे असं समजायचं कारण नाही. युरोपात आल्प्सच्या दक्षिण उतारावर स्लोव्हेनिया नावाचा एक चिमुकला देश आहे. लोकसंख्या साधारण एकवीस लाख, म्हणजे आपल्या पुणे जिल्ह्याच्या चौथाईहूनही कमी; वस्त्या मात्र सहा हजारांच्या घरात. त्यातली बहुसंख्य खेडी आपल्या वाड्यांएवढी. जिथे आपल्याकडे वड-पिंपळाचा पार, तिथे त्यांच्याकडे ‘लिपा’ म्हणजे लिंडनचं झाड. गावाच्या मध्याशी, पुष्कळदा चर्चच्या दाराशी ते उभं असतं आणि त्याच्या सावलीत गावकीची बैठक व्हायची. १९९१ साली स्वतंत्र झालेल्या या देशानं लिंडनचं पान राष्ट्रीय खूण म्हणून मिरवलं. वडावरून वडगाव, तसं लिपावरून लिपित्सा, म्हणजे छोटी लिपा. याच गावात १५८० साली हॅब्सबर्ग घराण्यानं घोड्यांची पागा उभारली आणि तिथल्या पांढऱ्या घोड्यांनी गावाचं नाव जगभर नेलं. बुद्रुक-खुर्दचा हिशेबही त्यांच्याकडे आहे. आपण फारसीतून मोठ्याला ‘बुजुर्ग’ आणि लहानाला ‘खुर्द’ घेतलं. ते वेलिके लाश्चे आणि माले लाश्चे म्हणतात, थोरलं लाश्चे आणि धाकटं लाश्चे. मावळातली टाकवे बुद्रुक आणि टाकवे खुर्द ही जोडी कोणा स्लोव्हेन माणसाला समजावून सांगायला फार वेळ लागणार नाही.

चर्चचंही तसंच. तिथल्या लहान खेड्यातलं चर्च बहुधा मोठ्या गावच्या चर्चची शाखा असतं. पाद्री रोज येत नाही. ज्या संताच्या नावे ते चर्च आहे त्याच्या दिवशी मात्र तो येतो, प्रार्थना होते, घरोघरी पाहुणे जेवतात आणि परगावी गेलेली पोरं परततात. आपल्या चैत्रातल्या उरुसाला मुंबईची चाकरमानी मंडळी गावी येतात, भैरवनाथाची पालखी निघते, संध्याकाळी कुस्त्यांचा आखाडा भरतो, तेच हे, थंडीच्या मुलखातलं. फरक एवढाच की तिथे संतानं गावाच्या नावातही मुक्काम ठोकला आणि मग शतकानुशतकांच्या बोलण्यात तो झिजत गेला. लॅटिन ‘सांक्तुस’ म्हणजे संत. त्याचं स्लोव्हेन तोंडी ‘शेंत’ झालं, आणि काही ठिकाणी नुसता ‘श’ उरला. संत मार्टिनचं श्मार्त्नो. संत कान्सियनचं श्कोत्स्यान. याच नावाच्या भूमिगत गुहा १९८६ पासून जागतिक वारशाच्या यादीत आहेत, पण त्या पाहायला येणाऱ्या किती जणांना त्यांच्या नावात एक हुतात्मा संत दडलाय हे कळत असेल! संत डॅनियलचं श्तान्येल.

ही झीज एका वेळी उपयोगी पडली. १९४८ साली युगोस्लाव्हियातल्या साम्यवादी राजवटीनं गावांच्या नावांसाठी एक कायदा केला आणि त्यानुसार नावांतल्या धार्मिक खुणा पुसायला घेतल्या. ज्या नावांपुढे ‘स्वेती’, म्हणजे संत, असं स्वच्छ लिहिलेलं होतं त्यांच्यावर कुऱ्हाड पडली. पवित्र त्रिमूर्तीच्या नावाचं स्वेता त्रोयित्सा १९५२ साली ग्रादिश्चे झालं आणि देश स्वतंत्र झाल्यावर, १९९२ साली, पुन्हा आपल्या नावावर आलं. श्मार्त्नो आणि श्कोत्स्यानसारखी, संत ओळखूही येणार नाही इतकी गुळगुळीत झालेली अनेक नावं मात्र जागच्या जागी राहिली.

मावळात अशा गुळगुळीत नावांची खाण आहे. सगळ्यात आधी खुद्द ‘मावळ’च घ्या. सूर्य मावळतो ती पश्चिम दिशा, पुण्याच्या पश्चिमेला असलेला मुलूख म्हणून तो मावळ, ही व्युत्पत्ती शाळेपासून सर्वांच्या तोंडी आहे. ती सुंदर आहे, पण कार्ल्याच्या बौद्ध लेण्यांतली शिळा वेगळं सांगते. तिथल्या चैत्यगृहातल्या ब्राह्मी लेखांत या प्रदेशाचा उल्लेख ‘मामाल’ असा येतो. ‘मामालाहार’ म्हणजे मामाल नावाचा जिल्हा. लेख इसवी सनाच्या दुसऱ्या शतकाच्या आसपासचे. मामालचा मावळ कसा झाला, ते पुन्हा मराठीच्याच कानाला विचारावं. स्वरांमधल्या ‘म’चा ‘व’ करायची तिला जुनी खोड आहे: ग्राम–गाव, नाम–नाव, श्यामल–सावळा, कोमल–कोवळा, आमलक–आवळा. कोमलचा ‘मल’ जिथे ‘वळ’ झाला तिथे मामालचा ‘मावळ’ होणं अगदी रांगेतलं आहे. सूर्य त्यात नंतर मावळला. लोकांना नावाचा अर्थ लागेनासा झाला की ते नवा अर्थ लावून घेतात, आणि मावळच्या बाबतीत तो इतका चपखल बसला की मूळ नाव कोणाला आठवेना.

कार्ल्याच्याच भिंतीवर नाणे मावळातल्या एका खेड्याचं नावही कोरलेलं आहे, आणि त्याची कहाणी कुठल्याही राजाच्या कहाणीपेक्षा रोचक आहे. क्षहरात वंशातला नहपान हा त्या काळी कोकण-नाशिकपर्यंत सत्ता पसरलेला शक क्षत्रप. त्याचा जावई उषवदात. या जावयाला दानाची आणि दानाच्या जाहिरातीची दोन्हींची हौस होती. कार्ल्याच्या लेखात तो आधी आपली पुण्याई मोजतो: तीन लाख गाईंचं दान, बनास नदीवरचा घाट, देवा-ब्राह्मणांना सोळा गावं, प्रभास क्षेत्री आठ ब्राह्मणांची लग्नं. एवढी यादी झाल्यावर मुद्द्याचं येतं. वलूरक, म्हणजे याच कार्ल्याच्या, लेण्यांत वर्षावासासाठी, म्हणजे पावसाळ्यापुरतं, राहणाऱ्या, चारी दिशांनी आलेल्या भिक्षूंच्या पोटापाण्यासाठी त्यानं एक गाव दिलं. गावाचं नाव ‘करजिक’. अनुस्वार लिहिलेला नाही, पण नावातला करंज दिसायला अडचण पडत नाही. अभ्यासकांनी हे गाव म्हणजे आजचं नाणे मावळातलं करंजगाव असं ओळखलं आहे.

पुढे नहपानाचा पाडाव झाला. सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीनं क्षहरातांचं राज्य मोडलं. त्याच चैत्यगृहात मग दुसरा लेख आला. राजाचं नाव दगडाच्या झिजेत हरवलं आहे, पण तो गौतमीपुत्राचाच मानला जातो. मामालच्या अमात्याला, म्हणजे जिल्ह्याच्या अधिकाऱ्याला, त्यात हुकूम आहे: या मामालाहारातलं, उत्तर मार्गावरचं ‘करजक’ हे गाव आम्ही वलूरक लेण्यांतल्या भिक्षूंना देत आहोत. गाव तेच, भिक्षू तेच, देणारा बदलला. अशा जमिनीला त्या लेखात ‘भिखुहल’, भिक्षूंचं हल, असा नेमका शब्द आहे, आणि सरकारी माणसांनी तिथे पाऊल टाकायचं नाही अशी सवलतही. नाशिक जिल्ह्यात जोगळटेंभी इथे १९०६ साली तेरा हजारांहून अधिक चांदीच्या नाण्यांचा हंडा सापडला. त्यातल्या नऊ हजारांवर नाण्यांवर नहपानाच्या चेहऱ्यावरच गौतमीपुत्रानं आपला शिक्का मारलेला आहे. करजिक गावाचंही तसंच झालं. नाणं वितळवायचं नाही, वर आपला ठसा उठवायचा.

करजिकमध्ये त्या वेळी कोण राहत होतं, भिक्षूंना किती भात जायचा, सत्ता पालटली तेव्हा त्यांना काही कळलं तरी का, हे शिळेवर नाही. नाव मात्र उरलं. आज कामशेतहून करंजगावला जाणाऱ्या जीपवाल्याला उषवदात ठाऊक असायची गरज नाही. जवळपास एकोणीसशे वर्षं जुना पत्ता तो ‘करंजगाव, करंजगाव’ म्हणून ओरडत असतो.

याच मुलखात, पाले गावाजवळच्या डोंगरात, आणखी एक छोटा लेख आहे. ह. धी. सांकलिया आणि शोभना गोखले यांनी तो १९६९ साली प्रसिद्ध केला. इंदरखित नावाच्या भदंतानं लेणं आणि ‘पोढी’, म्हणजे पाण्याचं टाकं, खोदवून घेतल्याची त्यात नोंद आहे आणि सुरुवात अर्हंतांना नमस्कार करून होते. त्यावरून सांकलियांनी हे लेणं जैन ठरवलं. काळ इसवी सनापूर्वीचा मानला जातो. गावाचं नाव पाले हे पल्लीचंच रूप आहे का, असा मोह इथे होतोच, आणि ‘ल’ तर या वेळी नियमाच्या बाजूनं उभा आहे. पण भटक्यांचं ‘पाल’ही मराठीत आहे. एका अक्षराच्या भरवशावर दुसरी पैज लावणं बरं नव्हे.

वलूरक या नावाचं काय झालं? ते गेलं. लेण्यांच्या डोंगराचं, कदाचित पायथ्याच्या वस्तीचं हे विशेषनाम, लेखांत पुन्हा पुन्हा कोरलेलं. मावळातल्या कोणत्याच गावाच्या तोंडी ते आज नाही. पायथ्याचं गाव आता वेहेरगाव आहे. आणि हे वेहेर म्हणजे विहार. विहार, वेहार, वेहेर. ज्या शब्दानं एका अख्ख्या राज्याला बिहार हे नाव दिलं, त्याच शब्दाची ही मावळातली झिजलेली धाकटी बहीण. विशेषनाम पुसलं गेलं आणि सामान्यनाम विशेषनाम होऊन बसलं. आजूबाजूच्या लोकांना भिक्षूंच्या संघाचं, त्याच्या शाखांचं, राजांच्या दानांचं सोयरसुतक नसेल. डोंगरात विहार आहे, खाली गाव आहे, म्हणून विहाराचं गाव, एवढा त्यांचा साधा हिशेब. तिथले भिक्षू कधी गेले, का गेले, हे लोक विसरले. शब्द राहिला, कारण श्मार्त्नोमधल्या संत मार्टिनसारखा तोही कोणाच्या लक्षात राहिला नव्हता.

दगडात कोरलेलं कार्ल्याचं ते चैत्यगृह साधारण १२४ फूट लांब आणि ४५ फूट रुंद आहे. देशातलं सर्वांत मोठं शैलचैत्यगृह म्हणून त्याचा लौकिक आहे. छताला लाकडी कमानी आहेत. दगड कोरून केलेल्या छताला लाकडाच्या आधाराची काही गरज नसते. पण आधीची चैत्यगृहं लाकडी होती, सुतारी डोळ्यात बसलेली होती, म्हणून दगडातही लाकूड हवंच. वैजयंतीच्या, म्हणजे आजच्या कर्नाटकातल्या बनवासीच्या, भूतपाल नावाच्या शेठीनं हे शैलगृह पुरं केलं आणि ते जंबुद्वीपात उत्तम असल्याची ग्वाही तिथेच कोरून ठेवली. आपल्या बांधकामाची स्तुती आपणच कोरणारा हा बिल्डर मावळातला पहिला. शेवटचा तो खचितच नव्हता.

आणि चैत्यगृहाच्या अगदी तोंडाशी, अंगणात, एकवीरा आईचं देऊळ. कोळी, आगरी आणि चांद्रसेनीय कायस्थ प्रभू यांच्यातल्या असंख्य घरांची ही कुलस्वामिनी. चैत्राच्या यात्रेत मुंबई, ठाणे, रायगडहून पालख्या येतात, ढोल वाजतात, कोळीवाड्यांतली नऊवारी पातळं पायऱ्या चढतात. ज्यांना लेणी बघायची असतात ते देवीच्या रांगेला वळसा घालून जातात, आणि ज्यांना देवी हवी असते त्यांतले बरेच जण लेण्यात डोकावतही नाहीत. दामोदर धर्मानंद कोसंबी गणितज्ञ होते. पुण्यात राहून मुंबईला डेक्कन क्वीननं नोकरीला जायचे आणि उरलेल्या वेळात या डोंगरांत पायी फिरायचे. १९६२ च्या ‘मिथ अँड रिअ‍ॅलिटी’ या पुस्तकात त्यांनी अशी ठाणी तपासली आहेत. त्यांचं म्हणणं असं, की मातृदेवतांची ही ठिकाणं जुन्या वाटांवर, वाटा एकमेकींना छेदतात तिथे आहेत आणि बौद्ध लेणीही त्याच वाटांवर कोरली गेली. भिक्षू आले तेव्हा आई तिथे होतीच, भिक्षू गेले तेव्हाही ती होती, असं त्यांच्या मांडणीवरून दिसतं. बेडशाच्या लेण्यातही देवी आहेच, तिथे तिचं नाव यमाई.

सोमाटण्याजवळच्या घोरावडेश्वराची गंमत तर आणखी उघड आहे. डोंगरातली लेणी बौद्धांची, आत आज महादेव, महाशिवरात्रीला मुंगी शिरणार नाही अशी गर्दी. नाव घोरावडेश्वर. त्यात तरी वड आहे की नाही, यावर पारावर बसून दोन तास सहज जातील.

नाव टिकलं आणि देऊळ बदललं, असे हे दाखले. उलटाही एक दाखला मावळातच आहे. पवन मावळात १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला पवना धरणात पाणी साठू लागलं, तेव्हा वाघेश्वराचं दगडी देऊळ बुडितात गेलं. भोवतालची वस्ती उठली, शेतं गेली, लोक पांगले. देऊळ हलवायचं कोणाला सुचलं नाही, किंवा सुचलं तरी जमलं नाही. तेव्हापासून ते वर्षातले बरेच महिने पाण्याखाली असतं आणि उन्हाळा टिपेला पोहोचला की वर येतं. आधी माथा, मग चिखलानं लिंपलेले खांब, मग गाभारा. मे महिन्यात आसपासची माणसं जाऊन दर्शन घेतात, फोटो काढतात, आणि पाऊस लागला की देव पुन्हा पाण्यात. हेमाडपंती म्हणून ओळखल्या जाणाऱ्या जुन्या घडणीतलं हे देऊळ इतकी वर्षं ओलं-सुकं होऊनही उभं आहे, याचं श्रेय ते बांधणाऱ्या पाथरवटांना द्यायला हवं. गाव गेल्यावरही त्याचा पत्ता सांगणारं देऊळ उरलंय, पण तो पत्ता वाचायला मिळतो फक्त उन्हाळ्यात.

कामशेत-खडकाळ्याचं तर यातलं काहीच नाही. ना धरण, ना राजवट, ना कायदा. बाजार आणि लोहमार्ग यांनी एका नावाला पुढे केलं, दुसरं दप्तरात राहिलं. ग्रामपंचायतीच्या पावतीवर, जमिनीच्या कागदावर, निवडणुकीच्या यादीवर खडकाळे अजून जिवंत आहे. नावाचं मरण बहुधा असंच असतं, तोंडातून आधी आणि कागदावरून शेवटी.

वडिवळ्यापुढचा धोका मात्र उलट बाजूनं येतो. तोंडात नाव शाबूत आहे, गडबड कागदावर आहे. इंग्रजी लिपीत ‘ळ’ नाही, ‘ड’ आणि ‘द’ यांत फरक नाही, ऱ्हस्व-दीर्घाची पर्वा नाही. धरणाच्या सरकारी नोंदींत, नकाशांत, फोनवरच्या रस्ता दाखवणाऱ्या यंत्रणेत हे नाव इंग्रजी अक्षरांतून जातं आणि परत मराठीत येताना ‘वाडीवाले’ होऊन येतं. शनिवारी-रविवारी पुण्या-मुंबईहून गाडी घेऊन निघालेला हौशी माणूस मुंढावरे गावाच्या आसपास खिडकीची काच खाली करतो आणि विचारतो, “दादा, हे वाडीवाले कुठं आलं?”

समोरचा माणूस क्षणभर विचारात पडतो. आपल्या गावात वाडी कोणाची, आणि वाले कोण?

“वडिवळे म्हणताय व्हय?” तो म्हणतो. “मग सरळ जावा.”